समन्स दारात आलं तर: जमिनीच्या दाव्यात आपलं म्हणणं कोर्टापर्यंत कसं पोचवायचं

पारोळा तालुक्यातल्या आमच्या घरी समन्स घेऊन कोर्टाचा बेलीफ आला, तेव्हा वडील ओट्यावर बसले होते. त्यांनी त्याला खाट टाकून दिली, पाणी दिलं, चहा पाजला. कागद मात्र घेतला नाही. सही केली की कबूल केल्यासारखं होतं, अशी त्यांची समजूत. बेलिफाने समजावून पाहिलं. मग पोलीस पाटलांना आणि शेजारच्या एकाला बोलावून त्याने दाराच्या उजव्या फळीवर समन्सची प्रत चिकटवली, दोघांच्या सह्या घेतल्या आणि तो निघून गेला. पावसाळाभर तो कागद तिथेच होता. पोळ्याच्या आधी दारांना रंग द्यायचा म्हणून आईने तो खरवडून काढला, तोवर दावा आमच्याविरुद्ध एकतर्फी चालवायचा हुकूम होऊन गेला होता.

त्यातून आम्ही वाचलो, कसे ते पुढे सांगतो. नंतर तालुका विधी सेवा समितीचा स्वयंसेवक म्हणून काम करताना हीच चूक मी अनेक घरांत पाहिली. लोक येतात ते घडी पडलेला कागद पुढे धरून, "नोटीस उनी शे, आते काय करानं?" अशा वेळी जे सांगतो, ते इथे क्रमाने लिहितो आहे. वकिलाची जागा हा लेख घेणार नाही. पण वकिलाकडे जाण्याआधी आणि गेल्यानंतरही आपल्याला काय माहीत असायला हवं, ते यात आहे.

एक गोष्ट आधी समजून घ्या. दुसऱ्या बाजूचं ऐकल्याशिवाय निकाल द्यायचा नाही, हा दिवाणी कोर्टाच्या कामाचा पाया आहे. १९०८ ची दिवाणी प्रक्रिया संहिता त्याच पायावर उभी आहे. पण कोर्टाच्या लेखी ऐकणं म्हणजे संधी देणं. संधी दिली, तारीख लागली, पुकारा झाला आणि आपण तिथे नव्हतो, तर कोर्टाने त्याच्याकडचं काम पुरं केलेलं असतं. दाव्यात आपलं म्हणणं मांडायला ठिकठिकाणी दरवाजे आहेत, आणि प्रत्येक दरवाजा बंद व्हायची वेळ ठरलेली आहे. नवख्या माणसाने कलमं पाठ करण्यापेक्षा या वेळा लक्षात ठेवाव्यात.

पहिली पायरी: कागद घ्या

समन्सवर सही करणं म्हणजे कागद मिळाल्याची पोच. त्यात कबुली नसते. नाकारलं तरी कायद्याने ते बजावल्यासारखंच धरलं जाऊ शकतं. दारावर चिकटवलेली प्रत आणि बेलिफाचा अहवाल त्यासाठी पुरतो. मुलगा सुरतेला कामाला आणि लवकर परतायचा नसेल, तर त्याच्या घरात राहणाऱ्या कुटुंबातल्या कोणत्याही सज्ञान माणसाकडे, मग ती सून का असेना, त्याचं समन्स देता येतं. ते फळीवर ठेवून विसरलं जातं आणि मुलाला दिवाळीत कळतं. तेव्हा घरात सांगून ठेवा: कोर्टाचा कागद आला की त्याच दिवशी फोटो काढून ज्याच्या नावाचा आहे त्याला पाठवायचा.

कागद हातात आला की पाकिटावर मिळाल्याची तारीख लिहा. मग तीन गोष्टी शोधा: कोणतं कोर्ट, दाव्याचा नंबर काय, हजर राहायची तारीख कोणती. समन्ससोबत दाव्याच्या अर्जाची प्रत असलीच पाहिजे. नसेल तर पहिल्या तारखेला लेखी अर्ज देऊन मागा. तोंडी मागितलेलं रोजनाम्यात, म्हणजे दाव्यात प्रत्येक तारखेला काय झालं त्याच्या कोर्टाच्या नोंदीत, येत नाही, आणि रोजनाम्यात आलं नाही ते घडलं होतं हे नंतर पटवून देणं फार जड जातं.

आपल्यावर कुणी दावा लावलाय अशी कुणकुण असेल, पण कागद आला नसेल, तर ई-कोर्ट्सच्या ॲपवर किंवा संकेतस्थळावर जिल्हा आणि तालुक्याचं कोर्ट निवडून पक्षकाराच्या नावाने शोधता येतं. त्याला पैसे लागत नाहीत. प्रत्येक दाव्याला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर नंबर असतो. तो एकदा सापडला की पुढची तारीख घरबसल्या कळते.

एकतर्फी हुकूम झालाच असेल तर

घाबरून घरी बसू नका. आमच्या वेळी दावा निकालासाठी बंद झाला नव्हता. पुढच्याच तारखेला वडील हजर झाले, गैरहजेरीचं कारण लेखी दिलं आणि एकतर्फी हुकूम रद्द करायचा अर्ज केला. समोरच्याच्या खर्चापोटी कोर्टाने आम्हाला पाचशे रुपये भरायला लावले आणि आत घेतलं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९ नियम ७ मध्ये ही सोय आहे (पुढेही कायद्याचं नाव न घेता आदेश किंवा कलम लिहिलंय ते याच संहितेतलं). सुनावणी संपून दावा निकालाला ठेवला गेला, की हा रस्ता उरत नाही.

हुकूमनामाच, म्हणजे दाव्याचा अंतिम निकालच, झाला असेल तर आदेश ९ नियम १३ खाली तो रद्द करायचा अर्ज करता येतो. मुदत ३० दिवसांची. समन्स रीतसर बजावलंच गेलं नसेल, तर हुकूमनामा झाल्याचं ज्या दिवशी कळलं तिथून ३० दिवस मोजतात. मात्र बजावणीत बारीकसारीक चूक होती एवढ्यावर भागत नाही. तुम्हाला तारीख माहीत होती आणि हजर व्हायला पुरेसा वेळ होता असं दिसलं, तर कोर्ट ऐकत नाही. म्हणून "मला कळलंच नाही" असं खोटं लिहू नका. खरं कारण साधं असलं तरी चालतं, आणि खोटं उघडं पडलं की पुढच्या तुमच्या कुठल्याच शब्दाला वजन राहत नाही.

वकील, आणि वकिलाला पैसे नसतील तर

अक्कलकुवा-धडगावच्या डोंगरातून नंदुरबारला यायचं तर दिवस मोडतो, वर वकिलाची फी. पण विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ प्रमाणे महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमातीचे लोक, अपंग व्यक्ती यांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळू शकतो. इतरांना उत्पन्नाची मर्यादा आहे. जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्हा न्यायालयांत जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे. तालुक्याच्या कोर्टात तालुका समितीकडे अर्ज करता येतो. १५१०० हा फोन नंबर देशभर चालतो.

मोफत वकील म्हणजे दुय्यम वकील, हा समज काढून टाका. फी घेणारा असो वा मोफत, वकीलपत्रावर सही करून घरी जाऊन बसलेल्या पक्षकाराचं नुकसान मी दोन्हीकडे पाहिलंय. प्रत्येक तारखेनंतर काय झालं आणि पुढच्या तारखेला काय आहे, एवढं विचाराच. वकिलाला दिलेल्या प्रत्येक कागदाची झेरॉक्स स्वतःकडे ठेवा.

कैफियत: सगळा दावा इथे ठरतो म्हटलं तरी चालेल

कैफियत म्हणजे दाव्याला आपलं लेखी उत्तर. समन्स बजावल्यापासून ३० दिवसांत ती द्यायची असते. कारण देऊन, कोर्टाने मान्य केलं तर ही मुदत एकूण ९० दिवसांपर्यंत वाढते. त्यापुढे कोर्ट क्वचित आणि बहुधा खर्च लावूनच परवानगी देतं. सर्वोच्च न्यायालयाने ही मुदत साध्या दिवाणी दाव्यात अगदीच लोखंडी धरलेली नाही, पण त्या भरवशावर राहणं म्हणजे गिरणेला पाणी येईल म्हणून विहीर न खोदणं. "विना कैफियत" असा हुकूम झाला की तुम्ही कोर्टात हजर असूनही तुमची बाजू कागदावर नसते.

कैफियतीत "दावा खोटा आहे, मान्य नाही" असं एका ओळीत लिहून भागत नाही. दाव्यातल्या प्रत्येक परिच्छेदाला उत्तर लागतं. जे नेमकं नाकारलं नाही, ते मान्य केलं असं धरता येतं. समजा दाव्यात लिहिलंय, "गटाच्या उत्तरेकडचे १० गुंठे वादीच्या वहिवाटीत २० वर्षांपासून आहेत." यात चार गोष्टी आहेत: दिशा, क्षेत्र, वहिवाट आणि वर्षं. तुमचं म्हणणं जर असं असेल, की ते तिथे गुरं बांधायचे पण आमच्या परवानगीने, तर परवानगीची गोष्ट इथे कैफियतीतच लिहायला हवी. तीन वर्षांनी साक्षीच्या पिंजऱ्यात पहिल्यांदा सांगाल तर समोरचा वकील विचारेल, "हे कैफियतीत का नाही?" आणि त्याचं उत्तर तुमच्याकडे नसेल. जे कैफियतीत मांडलं नाही त्याच्यावर पुरावा देता येत नाही, असंच समजून चाला.

कैफियत मराठीत देता येते. खालच्या कोर्टाची भाषा मराठी आहे. इंग्रजीत लिहिली असेल तर सही करण्याआधी शब्दन् शब्द समजावून मागा. त्यात तुम्हाला कमीपणा नाही, तो तुमचा हक्क आहे.

कैफियतीसोबत कागद जोडायचे असतात, आणि इथे आपल्या भागातला सर्वांत मोठा गैरसमज आड येतो. "सातबाऱ्यावर माझं नाव आहे" म्हणजे मी मालक, असं सगळे धरून चालतात. सातबारा महसुली नोंद आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १५७ प्रमाणे उलट सिद्ध होईपर्यंत ती नोंद खरी मानतात, ही तिची ताकद. पण नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितलंय. गावठाणातलं घर आणि खळ्याची जागा यांचंही तेच. ग्रामपंचायतीचा नमुना ८ हा कर आकारणीचा उतारा आहे. मालकी विचारली की कोर्ट मुळाकडे जातं: जमीन तुमच्याकडे आली कशी? खरेदीखताने, वाटणीने, वारसाने, बक्षीसपत्राने, की कुळकायद्याने? म्हणून सातबाऱ्याच्या मागे जा. ज्या फेरफाराने नाव लागलं त्याची नक्कल काढा आणि त्यात कारण काय लिहिलंय ते वाचा. दुय्यम निबंधकाकडून दस्ताची नक्कल घ्या. जुना सर्व्हे नंबर कोणत्या गटात गेला, तो एकत्रीकरणाचा उतारा मिळवा. मोजणी झाली असेल तर भूमि अभिलेखकडून नकाशाची 'क' प्रत घ्या. हे कागद मिळायला आठवडे लागतात आणि कैफियतीचे ३० दिवस थांबत नाहीत. म्हणून नकलेचा अर्ज समन्स मिळालं त्याच आठवड्यात टाका.

फेरफाराची नोटीस तलाठ्याकडून (आताचे ग्राम महसूल अधिकारी) आली आणि दिवाणी दावाही चालू असेल, तर दोन्हीकडे हजर राहा. "कोर्टात चालू आहे, इथे कशाला" म्हणून महसूलकडे हरकत न नोंदवणारे पुढे अडकतात.

निशाणी ५

हा शब्द कोर्टाच्या आवारात पहिल्याच दिवशी कानावर पडेल. दाव्यासोबत दिलेल्या तात्पुरत्या मनाईच्या अर्जाला आपल्याकडे निशाणी ५ म्हणतात. पुष्कळ दाव्यांत खरी लढाई इथेच होते, कारण निकाल लागेपर्यंत शेतात कोण उभं राहणार ते या अर्जावर ठरतं. कोर्ट तीन गोष्टी पाहतं: प्रथमदर्शनी हक्क दिसतो का, मनाई दिली किंवा नाही दिली तर जास्त अडचण कुणाची, आणि पैशाने भरून न येणारं नुकसान होणार आहे का.

समोरच्याला न ऐकता मनाई देता येते, पण तो अपवाद आहे. आदेश ३९ नियम ३ प्रमाणे कोर्टाला त्याची कारणं लिहावी लागतात, आणि ज्याने मनाई मिळवली त्याने अर्ज आणि कागदांच्या प्रती तुम्हाला लगेच पाठवून तसं शपथपत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी द्यावं लागतं. अर्जाचा निकाल ३० दिवसांत लावायचा कोर्टाने प्रयत्न करावा, असंही कायदा म्हणतो. हे झालं नसेल तर वकिलाला सांगून त्यावर बोट ठेवा. खोटं सांगून मनाई मिळवली असेल तर ती उठवायचा किंवा बदलायचा अर्ज नियम ४ खाली होतो.

रावेर-यावलच्या केळीवाल्यांनी हे नीट ऐकावं. सामाईक विहिरीवरचा पंप मनाईने थांबला आणि मे महिन्यात बागेला पाणी मिळालं नाही, तर दोन वर्षांनी दावा जिंकून ती बाग परत येत नाही. म्हणून "माझ्यावर अन्याय झाला" एवढंच न लिहिता उभं पीक किती, खोडं किती, पाण्याची पाळी कितव्या दिवशी, हे फोटो आणि शपथपत्रासह लगेच समोर ठेवा. जागेवरची स्थिती नोंदवायला कोर्ट कमिशनर नेमायचा अर्जही करता येतो. कमिशनर येईल त्या दिवशी शेतात हजर राहा आणि त्याला दाखवायचं ते दाखवा. अहवाल चुकला तर लेखी हरकत घ्या.

मनाई पटली नाही तरी मोडू नका. अपील करा, पण मोडू नका. हुकूम मोडल्याबद्दल मालमत्ता जप्त होऊ शकते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते.

कुणी एकतर्फी मनाई आणेल अशी भीती असेल तर आधीच कॅव्हेट टाका. कलम १४८अ प्रमाणे तो ९० दिवस चालतो आणि त्या काळात तुम्हाला कळवल्याशिवाय अर्जावर सुनावणी व्हायची नाही. ९० दिवस संपले की पुन्हा टाकावा लागतो, हे लोक विसरतात.

दावा तुम्हालाच लावायचा असेल तर

सगळ्यांना पक्षकार करा. वाटपाच्या दाव्यात बहिणी गाळणं ही आपल्याकडे जुनी खोड आहे. वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला जन्माने मुलाइतकाच हक्क आहे, आणि त्यासाठी ९ सप्टेंबर २००५ ला वडील हयात असायलाच हवेत असं नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये स्पष्ट केलं. बहिणीला गाळून मिळवलेलं वाटप टिकत नाही, आणि टिकू नयेच.

मुदत पाहा. बळजबरीने ताबा काढून घेतला असेल तर मालकी सिद्ध न करताही सहा महिन्यांच्या आत ताबा परत मागता येतो. मालकीच्या जोरावर ताबा मागायला १२ वर्षं, दस्त रद्द करून मागायला तो कळल्यापासून ३ वर्षं. आदिवासी जमिनीचं बेकायदा हस्तांतर किंवा कुळाचा प्रश्न असेल, तर ते काम बहुतांशी महसूल अधिकाऱ्यांपुढे चालतं. नंदुरबार, साक्री, शिरपूर, चोपड्याकडच्यांनी दिवाणी दाव्यावर पैसे घालण्याआधी हे विचारून घ्यावं.

कुणी वारलं तर

दावा चालू असताना पक्षकार वारला तर वारसांना ९० दिवसांत रेकॉर्डवर आणावं लागतं, नाहीतर त्याच्यापुरता दावा पडतो. पडलेला दावा उठवायला पुढचे ६० दिवस. दशक्रिया झाली की कोर्टाचा कागद कुणाच्या मनात येत नाही, ते साहजिकच आहे. म्हणून घरातल्या एका जाणत्याने तेवढं लक्षात ठेवून मृत्यूचा दाखला वकिलाकडे पोचवावा.

साक्ष

सरतपास, म्हणजे आपल्या बाजूने द्यायची साक्ष, आता शपथपत्रावर होतो, म्हणजे तुमची गोष्ट टाइप होऊन येते आणि तुम्ही सही करता. सहीआधी ते मोठ्याने वाचून घ्या. उलटतपासात समोरचा वकील त्याच ओळी उचलणार आहे. दिशा, वर्षं, क्षेत्र चुकलं असेल तर सहीआधीच दुरुस्त होतं.

पिंजऱ्यात विचारलं तेवढंच सांगा. आठवत नसेल तर आठवत नाही म्हणा. प्रश्न कळला नाही तर गप्प बसून मान हलवू नका. एका म्हातारीला मी न्यायाधीशांना सांगताना ऐकलं, "माले समजनं नही, परत इचारा." न्यायाधीशांनी वकिलाला थांबवलं आणि प्रश्न सोपा करून विचारायला लावला. ऐकून घेणं म्हणतात ते हेच. तुमची साक्ष उतरवून झाली की तीही वाचूनच सही करा.

समोरच्याच्या साक्षीदाराचा उलटतपास हा तुमचा हक्क आहे. त्या तारखेला तुमचा वकील नसेल तर "उलटतपास नाही" अशी नोंद होऊ शकते. तारखेच्या आदल्या दिवशी वकिलाला फोन करा.

न्यायाधीशांना घरी किंवा चेंबरमध्ये भेटायचा प्रयत्न करू नका, कुणी "मी ओळखतो" म्हणालं तरी. न्यायाधीशांचा समोरच्याशी संबंध आहे असं पटण्याजोगं कारण असेल, तर दावा दुसऱ्या कोर्टात वर्ग करायचा अर्ज जिल्हा न्यायालयाकडे कलम २४ खाली होतो. निकाल विरोधात जाईल असं वाटणं, हे त्याचं कारण होऊ शकत नाही.

निकालानंतर

निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज द्या. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवस, आणि नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस त्यातून वजा होतात. त्यावर दुसरं अपील उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात, तेही कायद्याचा ठोस प्रश्न असेल तरच. कागद राहून गेला, साक्षीदार राहून गेला, अशी कारणं तिथे चालत नाहीत.

वाटपाचा हुकूमनामा झाला म्हणजे जमीन वाटली गेली असं होत नाही. कोर्ट हिस्से ठरवतं. सारा आकारलेल्या शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होतं, म्हणजे कागद तहसील आणि भूमि अभिलेखकडे जातो. तिथून पुन्हा नोटीस येते. तीही घ्या. विहीर कुणाकडे, गाडरस्ता कुठून, काळी कुणाला आणि मुरमाड कुणाला, हे सगळं या टप्प्यावर ठरतं. मोजणीच्या दिवशी सगळे हिस्सेदार बांधावर उभे राहा. खुणा पटल्या नाहीत तर पंचनाम्यावर सही करण्याआधी त्याच कागदावर आपली हरकत लिहा, खाली तारीख घाला, आणि त्या पानाचा फोटो तिथेच उभं राहून काढून घ्या.